ज्यू धार्मिक मूलतत्त्ववाद आणि इस्रायलचं राजकारण: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इस्रायलच्या बातम्या मराठीत रोज येतात, पण त्यातले 'अतिउजवे', 'कट्टर', 'धार्मिक पक्ष' हे शब्द एकाच अर्थाने वापरले जातात. त्यामुळे घोळ होतो. जे प्रश्न पुन्हा पुन्हा कानावर येतात, त्यांची उत्तरं इथे दिली आहेत. काही लांबली आहेत, कारण ती लांबायलाच हवी होती.

कर्मठ ज्यू म्हणजे मूलतत्त्ववादी का?

नाही. शब्बाथ (शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवार संध्याकाळपर्यंतचा विश्रांतीचा दिवस) पाळणारा, कोशर, म्हणजे धर्मनियमांत बसणारं अन्न, खाणारा, दिवसातून तीनदा प्रार्थना करणारा माणूस धर्मनिष्ठ असतो. त्याच्या राजकारणाबद्दल यातून काहीच कळत नाही. मूलतत्त्ववाद सुरू होतो तो पुढच्या पायरीवर. ग्रंथाचा आपण लावलेला अर्थच अंतिम आहे, तो वाटाघाटींच्या पलीकडे आहे आणि संसद, न्यायालय, शेजारी या सगळ्यांनी त्यापुढे वाकलं पाहिजे, अशी भूमिका घेतली की तो मूलतत्त्ववाद होतो.

आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच सांगायला हवी. जगातले बहुसंख्य ज्यू या प्रवाहात नाहीत आणि त्यांच्यातले कितीतरी जण त्याविरुद्ध रस्त्यावर उतरलेले आहेत. या विषयावर बोलताना 'ज्यू असेच असतात' असं वाक्य कोणी टाकलं, तर ते विश्लेषण नसतं, जुना द्वेष असतो. तो इथे चालणार नाही.

हा प्रवाह प्राचीन आहे का?

तो स्वतःला प्राचीन म्हणवतो, पण खरं तर आधुनिक आहे. अठराव्या-एकोणिसाव्या शतकात युरोपातल्या ज्यूंना हळूहळू नागरी हक्क मिळू लागले, मुलं सरकारी शाळांत जाऊ लागली आणि प्रार्थना जर्मन भाषेत करणारे सुधारक पुढे आले. त्याला उत्तर म्हणून हा कर्मठपणा घट्ट झाला. आज ज्याला ब्रातिस्लावा म्हणतात, त्या गावचे धर्मगुरू मोशे सोफर (१७६२–१८३९) यांनी एक घोषवाक्य दिलं: 'नवं ते तोरानुसार निषिद्ध' (तोरा म्हणजे ज्यूंचा मूळ धर्मग्रंथ). मूळ नियम धान्याचा होता. आपल्याकडे नवान्न देवाला दाखवल्याशिवाय खात नाहीत, तसाच: नव्या पिकाचं धान्य ठरावीक अर्पणाआधी खायचं नाही. सोफर यांनी तो नियम शेतातून उचलला आणि साऱ्या आधुनिकतेला लावला. हे फार हुशारीचं वाचन होतं, आणि तेही नवंच होतं.

हरेदी आणि धार्मिक झायोनिस्ट यांत फरक काय?

हा फरक कळला की निम्मं इस्रायली राजकारण कळतं.

हरेदी म्हणजे काळी टोपी, काळा कोट घालणारा समाज. 'हरेदी' या शब्दाचा अर्थ देवाच्या भयाने थरथरणारा. त्यांच्या परंपरेत ज्यूंचं राज्य मशीहा, म्हणजे देवाने पाठवलेला तारणहार, आल्यावरच उभं राहायचं होतं. तालमूद या प्राचीन धर्मशास्त्रीय ग्रंथात तीन शपथांचा उल्लेख आहे. लोकांनी बळाने, सामुदायिकपणे त्या भूमीत परतू नये, असा त्यातल्या एका शपथेचा आशय. त्यामुळे झायोनिझम, म्हणजे ज्यूंचं राष्ट्र उभारण्याची चळवळ, ही त्यांना देवाच्या कामात केलेली घुसखोरी वाटली. सातमार हा हसिदी, म्हणजे भक्तिमार्गी, पंथ आणि जेरुसलेमच्या मेआ शेआरीमसारख्या भागातला नेतुरेई कार्ता हा लहानसा गट आजही हेच म्हणतो. पॅलेस्टाइनच्या झेंड्यासोबत उभे असलेले काळ्या कोटातले रब्बाय, म्हणजे ज्यू धर्मगुरू, तुम्ही फोटोत पाहिले असतील, ते यांच्यापैकी. त्यांना उदारमतवादी समजण्याची चूक मात्र करू नका. त्यांचा विरोध मानवी हक्कांतून आलेला नाही, तो धर्मशास्त्रातून आलेला आहे. बहुतेक हरेदींनी मधला मार्ग काढला: राज्याला पवित्र मानायचं नाही, पण निवडणूक लढवायची आणि आपल्या येशिवांसाठी, म्हणजे धर्मपाठशाळांसाठी, निधी मिळवायचा.

धार्मिक झायोनिस्ट बरोबर उलट्या टोकाला आहेत. विणलेली गोल टोपी ही त्यांची खूण. ते सैन्यात जातात, विद्यापीठात शिकतात, विज्ञान मानतात. त्यांचे गुरू अब्राहम यित्झाक कूक (१८६५–१९३५) १९२१ मध्ये ब्रिटिश अमलाखालच्या पॅलेस्टाइनचे पहिले अश्केनाझी (युरोपीय वंशाच्या ज्यूंचे) मुख्य रब्बाय झाले. शेतात राबणारे, धर्म न मानणारे समाजवादी तरुणसुद्धा नकळत देवाचंच काम करत आहेत, मुक्तीची पहाट सुरू झाली आहे, असं ते सांगत. त्यांच्या लिखाणात विलक्षण मोठं मन दिसतं. पण राज्य आणि भूमी हीच मुक्तीची पायरी मानली की भूमीचा तुकडा सोडणं हे पाप ठरतं, ही ठिणगी त्यातच होती. तिला हवा दिली ती त्यांच्या मुलाने.

थोडक्यात, एक प्रवाह राज्याला पवित्र मानतच नाही आणि दुसरा त्याला अतिपवित्र मानतो. तरी २०२२ मध्ये दोघे एकाच सरकारात बसले, यात अनेकांना विसंगती वाटते. त्याचं उत्तर पुढे येईल.

देश उभारणारे तर निधर्मी समाजवादी होते. मग धर्म कायद्यात शिरला कसा?

तात्पुरत्या सोयीतून. हे दोन शब्द लक्षात ठेवा, ते पुन्हा पुन्हा येणार आहेत.

जून १९४७ मध्ये संयुक्त राष्ट्रांची समिती पॅलेस्टाइनात पोहोचली होती. तिच्यासमोर ज्यूंमध्ये फूट दिसू नये, म्हणून पुढे इस्रायलचे पहिले पंतप्रधान झालेले डेव्हिड बेन-गुरियन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अगुदात इस्रायल या हरेदी संघटनेला पत्र लिहिलं. त्यात चार आश्वासनं होती: शनिवार हा सुटीचा दिवस असेल, सरकारी स्वयंपाकघरं कोशर असतील, विवाहाच्या बाबतीत धर्मानुयायांच्या गरजा जपल्या जातील आणि धार्मिक शिक्षणाला स्वायत्तता मिळेल. हेच पत्र पुढे 'जैसे थे' व्यवस्थेचा पाया बनलं. १९५३ च्या कायद्याने ज्यूंचे विवाह आणि घटस्फोट रब्बाय न्यायालयांच्या हाती गेले. इस्रायलमध्ये आजही देशांतर्गत नागरी विवाह होत नाही. ज्यांना तो हवा असतो ते विमानाने सायप्रसला जातात, लग्न लावतात आणि परत येऊन नोंद करतात.

दुसरी सोय सैन्यभरतीची. १९४८ मध्ये बेन-गुरियननी सुमारे ४०० येशिवा विद्यार्थ्यांना सक्तीच्या सैन्यसेवेतून सूट दिली. युरोपातल्या येशिवा नाझींनी राख केल्या होत्या. उरलेली विद्या टिकावी हा हेतू होता आणि तो समजण्याजोगा होता. काही दशकांत हा समाज आपोआप विरून जाईल, असं त्या काळच्या निधर्मी नेत्यांना वाटायचं. तो विरला नाही. १९७७ मध्ये उजव्या लिकुड पक्षाचे मेनाखेम बेगिन सत्तेवर आले, त्यांना हरेदींचा पाठिंबा हवा होता, आणि सवलतीवरची संख्येची मर्यादाच उठली.

याचा आपल्या मराठी ज्यूंशी कधी संबंध आला का?

आला, आणि तो प्रसंग मराठी वाचकांना ठाऊक असायलाच हवा.

कोकणातले बेने इस्रायल. परंपरेनुसार त्यांचे पूर्वज अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून उतरले. तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून गावाने त्यांना 'शनवार तेली' म्हटलं. सुंता, शब्बाथ, 'शेमा'ची प्रार्थना एवढं त्यांनी शतकानुशतकं जपलं. घरी मराठी बोलायची, मलिदा करून एलियाहू हन्नाबी या प्रेषिताचं स्मरण करायचं. भारतात त्यांना ज्यू म्हणून कोणी छळलं नाही. १९४८ नंतर ते हजारोंनी इस्रायलला गेले, ते छळापायी नव्हे, श्रद्धेपायी.

तिथे त्यांना विचारलं गेलं, तुम्ही खरे ज्यू का? १९६२ मध्ये मुख्य रब्बाय यित्झाक निस्सिम यांच्या कार्यालयाने विवाह नोंदवणाऱ्या रब्बायांना सूचना दिल्या. बेने इस्रायल व्यक्तीचा इतर ज्यूशी विवाह असेल, तर तिच्या आईची, आजीची आणि शक्य तितक्या मागच्या पिढ्यांची वंशपरंपरा तपासावी. कारण असं दिलं गेलं की भारतातले त्यांचे पूर्वीचे घटस्फोट आणि पुनर्विवाह हलाखा, म्हणजे ज्यू धर्मशास्त्र, पाळून झाले असतील याची खात्री नाही. कोकणातल्या एखाद्या आजीच्या लग्नाचा कागद कुठून आणणार?

हे लोक गप्प बसले नाहीत. १९६४ च्या उन्हाळ्यात जेरुसलेममध्ये त्यांनी ठिय्या दिला. प्रश्न क्नेसेटमध्ये, म्हणजे संसदेत गेला. पंतप्रधान लेवी एश्कोल यांच्या सरकारने बाजू घेतली आणि ऑगस्ट १९६४ मध्ये क्नेसेटने जाहीर केलं की बेने इस्रायल सर्वार्थाने ज्यू आहेत. त्याच महिन्याच्या अखेरीला मुख्य रब्बाय कार्यालयाने सूचनेतून त्यांचं नाव काढलं.

धर्मसत्तेच्या हाती विवाहाचं दफ्तर दिलं की ते कोणाच्या दारात जाऊन उभं राहतं, हे मला या घटनेइतकं स्वच्छ दुसरीकडे दिसत नाही. दिमोना, अश्दोद, लोद इथे आजही मराठी ऐकू येते. 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक तिथून निघालं. त्या पिढीने मिळवलेला हा विजय आपल्या पाठ्यपुस्तकांत असता तर बरं झालं असतं.

१९६७ नंतर एवढं काय बदललं?

जून १९६७ पूर्वी धार्मिक झायोनिस्टांचा पक्ष, मफदाल, मवाळ होता. त्याचे नेते हाईम-मोशे शापिरा हे युद्धाआधीच्या मंत्रिमंडळात सबुरीची भाषा करणाऱ्यांत होते. सहा दिवसांत वेस्ट बँक, पूर्व जेरुसलेम, गाझा, सिनाई आणि गोलान इस्रायलच्या ताब्यात आले आणि एका पिढीचं डोकं फिरलं.

युद्धाच्या तीन आठवडे आधी थोरल्या कूकांचे पुत्र त्स्वी येहुदा कूक यांनी येशिवात भाषण केलं होतं. आपलं हेब्रॉन कुठे आहे, आपलं शेखेम (म्हणजे नाब्लुस) कुठे आहे, असा आक्रोश करत त्यांनी १९४७ च्या फाळणीचं दुःख उगाळलं. महिन्याभरात ती गावं सैनिकांच्या ताब्यात होती. शिष्यांना हे भविष्यकथन वाटलं. आता इतिहास त्यांच्यासाठी पोथी झाला.

१९६८ च्या वल्हांडण सणाला रब्बाय मोशे लेविंगर काही कुटुंबं घेऊन हेब्रॉनच्या पार्क हॉटेलात उतरले. सणापुरतं राहायचं होतं. ते हललेच नाहीत. मजूर पक्षाच्या सरकारने त्यांना हुसकावलं नाही. आधी लष्करी आवारात जागा दिली, मग शेजारी किर्यात अरबा ही वसाहत मंजूर केली. १९७३ च्या युद्धाच्या धक्क्यानंतर, १९७४ मध्ये, गुश एमुनीम, म्हणजे 'श्रद्धावंतांचा गट', स्थापन झाला. त्यांनी नाब्लुसजवळ सेबास्तियाला पुन्हा पुन्हा तंबू ठोकले. सैन्य उठवायचं, ते परत यायचे. अखेर १९७५ च्या डिसेंबरात तडजोड झाली. यित्झाक रॅबिन पंतप्रधान आणि शिमोन पेरेस संरक्षणमंत्री असताना तीस कुटुंबांना जवळच्या लष्करी तळावर 'तात्पुरतं' राहू दिलं. आज तिथे केदुमीम नावाची वसाहत आहे.

रॅबिन या लोकांना मनापासून नापसंत करत. तरीही तडजोड त्यांच्याच काळात झाली, हे वाचताना मला आजही हळहळ वाटते.

वेस्ट बँकेतले सगळे वसाहतवाले धर्मवेडे आहेत का?

नाहीत. पूर्व जेरुसलेम वगळता तिथे सुमारे पाच लाख वसाहतवाले राहतात आणि त्यांतले कितीतरी जण स्वस्त घरासाठी आले आहेत. सगळ्यांत मोठ्या दोन वसाहती, मोदीईन इलीत आणि बेतार इलीत, या हरेदींच्या आहेत. पवित्र भूमीच्या सिद्धांतापेक्षा मोठ्या कुटुंबाला परवडणारा फ्लॅट हे तिथलं खरं आकर्षण. पण एकदा घर तिथे झालं की मतही तिकडेच झुकतं. हरेदी तरुण आज पूर्वीपेक्षा खूप जास्त राष्ट्रवादी झाले आहेत ते यामुळेही.

धर्माच्या नावाने खरंच हिंसा झाली का?

झाली. पॅलेस्टिनी हिंसाचारात शेकडो इस्रायली नागरिक मारले गेले, हेही तितकंच खरं, पण इथे प्रश्न ज्यू धर्माच्या नावाने झालेल्या हिंसेचा आहे.

१९८० मध्ये 'ज्यू भूमिगत' गटाने नाब्लुस आणि रामल्लाच्या महापौरांच्या गाड्यांत बॉम्ब ठेवले. दोघेही कायमचे जायबंदी झाले. १९८३ मध्ये हेब्रॉनच्या इस्लामिक कॉलेजवर गोळीबार करून तीन विद्यार्थ्यांना मारलं. १९८४ मध्ये पकडले गेले तेव्हा त्यांच्याकडे जेरुसलेमची सोनेरी घुमटाची वास्तू, डोम ऑफ द रॉक, उडवून देण्याची योजनाही सापडली. जन्मठेप झालेले सूत्रधार शिक्षा कमी होत होत १९९० पर्यंत बाहेर आले.

२५ फेब्रुवारी १९९४, पुरीमचा सण आणि रमजानचा महिना. किर्यात अरबात राहणारा, ब्रुकलिनहून आलेला डॉक्टर बारुख गोल्डस्टीन सैनिकी गणवेशात हेब्रॉनच्या इब्राहिमी मशिदीत शिरला आणि नमाजात वाकलेल्या २९ जणांना त्याने ठार केलं. अब्राहमची समाधी मानली जाणारी ही जागा दोन्ही धर्मांना पूज्य आहे. गोल्डस्टीनची कबर काहींसाठी तीर्थक्षेत्र झाली, इतकी की तिथलं स्मारक सैन्याला १९९९ मध्ये पाडावं लागलं.

४ नोव्हेंबर १९९५ ला तेल अवीवमध्ये शांततेच्या सभेनंतर पंतप्रधान यित्झाक रॅबिन यांचा खून झाला. मारेकरी यिगाल अमीर हा धार्मिक, सैन्यसेवा केलेला, बार-इलान विद्यापीठातला कायद्याचा विद्यार्थी. त्याने 'रोदेफ'चा आधार सांगितला. हलाखात असा नियम आहे की कोणी कोणाचा जीव घ्यायला मागे लागला असेल, तर त्याला प्रसंगी मारूनही थांबवता येतं. जीव वाचवण्यासाठीचा हा नियम. पॅलेस्टिनींशी झालेल्या ओस्लो शांतता करारात भूमी देणारा पंतप्रधान या व्याख्येत बसतो का, याची चर्चा त्या वर्षी काही रब्बायांमध्ये झाली होती. ट्रिगर एकाने दाबला, पण शब्द आधीपासून हवेत होते. गोळीपेक्षा ही चर्चा मला जास्त भयंकर वाटते.

बेन ग्वीर यांचं नाव सतत येतं. ते कुठून आले?

त्यांचं मूळ मेइर कहाने यांच्यात आहे. ब्रुकलिनमध्ये १९३२ साली जन्मलेल्या या रब्बायाने १९७१ मध्ये इस्रायलला येऊन काख पक्ष काढला. अरबांना देशाबाहेर काढा, ही त्यांची मागणी. १९८४ मध्ये ते एकटे निवडून आले. ज्यू आणि बिगरज्यू यांच्या विवाहावर बंदी घालणारं विधेयक त्यांनी आणलं, तेव्हा लिकुडच्याच मिखाएल एतान यांनी त्याची तुलना नाझींच्या न्यूरेम्बर्ग कायद्यांशी केली. कहाने बोलायला उठले की लिकुडचे यित्झाक शमीर यांच्यासह सभागृह रिकामं व्हायचं. १९८५ मध्ये वंशद्वेष पसरवणाऱ्यांना निवडणूकबंदीची तरतूद आली, १९८८ मध्ये काख बाद झाला, १९९० मध्ये न्यूयॉर्कमध्ये कहानेंचा खून झाला आणि हेब्रॉनच्या हत्याकांडानंतर संघटनेवर बंदी आली.

इतामार बेन ग्वीर हे काखच्या युवा शाखेतून आले. गोल्डस्टीनचं छायाचित्र त्यांच्या घरात वर्षानुवर्षं होतं. २००७ मध्ये वंशद्वेषाला चिथावणी आणि दहशतवादी संघटनेला पाठिंबा या गुन्ह्यांत ते दोषी ठरले. डिसेंबर २०२२ मध्ये ते राष्ट्रीय सुरक्षामंत्री झाले आणि पोलीस त्यांच्या हाताखाली आले. ज्या पक्षाचे नेते कहानेंच्या भाषणाला उठून जात, त्याच लिकुडच्या नेतान्याहूंनी २०१९ पासून छोट्या कट्टर पक्षांची मोट बांधून दिली, कारण क्नेसेटमध्ये शिरण्यासाठीची ३.२५ टक्के मतांची अट पार न झाल्यास उजवी मतं वाया गेली असती.

एवढ्या थोड्या लोकांचा इतका दबदबा कसा?

क्नेसेटमध्ये १२० जागा आहेत, सरकारला ६१ लागतात आणि आजवर कुठल्याही एका पक्षाला बहुमत मिळालेलं नाही. हरेदी लोकसंख्येच्या साधारण १३ ते १४ टक्के, पण एकगठ्ठा मतदान करणारे. २०२२ चं गणित पाहा: लिकुड ३२, हरेदींचे दोन पक्ष शास ११ आणि युनायटेड तोरा ज्युदाइझम ७, धार्मिक झायोनिस्ट यादी १४. बेरीज ६४. यातला कोणताही भागीदार गेला तर सरकार डळमळतं. आघाडी सरकारांची तीन दशकं पाहिलेल्या आपल्यासारख्यांना हे वेगळं समजवायला नको.

डिसेंबर १९७६ मध्ये अमेरिकेहून आलेल्या एफ-१५ विमानांचं स्वागत शुक्रवारी संध्याकाळपर्यंत लांबलं, शब्बाथ मोडला म्हणून अविश्वास ठराव आला, मफदालने सरकारच्या बाजूने मत दिलं नाही आणि रॅबिन यांनी राजीनामा दिला. पुढच्या निवडणुकीत लिकुड प्रथमच सत्तेवर आला. १९९९ मध्ये विजेच्या यंत्राचा अवजड भाग शनिवारी रस्त्याने नेला, म्हणून एक हरेदी पक्ष पंतप्रधान एहूद बराक यांच्या सरकारमधून बाहेर पडला.

हरेदी आणि धार्मिक झायोनिस्ट एकत्र का बसतात, याचं उत्तर इथे आहे. एकाला येशिवांचा निधी आणि भरतीतून सूट हवी, दुसऱ्याला भूमी. दोघांच्या मागण्या एकमेकांच्या आड येत नाहीत. शिवाय दोघांच्याही वाटेत सर्वोच्च न्यायालय येतं. या न्यायालयाचे अधिकार कमी करणाऱ्या २०२३ च्या न्यायव्यवस्था बदलांना दोघांनी साथ दिली ती म्हणूनच. त्याच सरकारात अर्थमंत्री बेझलेल स्मोत्रिच यांना संरक्षण खात्यातही मंत्रिपद आणि वसाहतींच्या कारभारावर मोठे अधिकार मिळाले. बेन ग्वीर यांच्या आरडाओरड्यापेक्षा स्मोत्रिच यांची ही शांत फाइलबाजी दूरगामी आहे, असं माझं ठाम मत आहे.

धर्माच्या आतून विरोध होत नाही का?

होतो, आणि त्यातला उत्तम भाग बातम्यांत येतच नाही. येशायाहू लाइबोविट्झ (१९०३–१९९४) हे शास्त्रज्ञ, तत्त्वज्ञ आणि काटेकोर कर्मठ ज्यू. १९६७ च्या विजयानंतर लगेचच त्यांनी बजावलं की दुसऱ्या लोकांवर राज्य केल्याने आपणच सडू. भूमीला आणि राज्याला पवित्र मानणं ही त्यांच्या लेखी मूर्तिपूजा होती. रब्बाय येहुदा अमिताल स्वतः येशिवा चालवत, युरोपातल्या संहारातून वाचलेले. ते मेमाद या मवाळ धार्मिक गटाचे नेते झाले आणि रॅबिन यांच्या खुनानंतर मंत्रिमंडळात आले.

शासचे गुरू ओवाडिया योसेफ यांनी १९७९ मध्ये मत दिलं की जीव वाचणार असेल तर भूमी परत करता येते, कारण जीव वाचवणं हे जवळजवळ सगळ्या आज्ञांच्या वर आहे. पुढे याच योसेफ यांनी अरबांविषयी अत्यंत विखारी भाषा वापरली. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. त्याच ग्रंथांतून दोन्ही वाटा निघतात, निवड माणसं करतात.

मुंबईचं छबाड हाउस याच प्रवाहातलं का?

छबाड हा हसिदी पंथ आहे, मुख्यालय ब्रुकलिनला. जगभर केंद्रं चालवून प्रवासी ज्यूंना कोशर जेवण आणि प्रार्थनेची सोय करणं हे त्याचं मुख्य काम. नरिमन हाउसमधलं केंद्रही तेच करत होतं आणि नोव्हेंबर २००८ मध्ये तिथल्या निरपराध माणसांची हत्या झाली. पंथाच्या राजकीय झुकावाविषयी चर्चा होऊ शकते, पण त्या घराला 'कट्टरांचा अड्डा' म्हणणारे संदेश कुठे दिसले तर ते पुढे पाठवू नका.

अमेरिकेतले ज्यू याला पाठिंबा देतात का?

बहुसंख्य देत नाहीत. तिथला मोठा वर्ग सुधारक किंवा मध्यममार्गी पंथाचा आहे आणि त्यांच्या रब्बायांना इस्रायलचं रब्बाय कार्यालय मानतच नाही. जेरुसलेममधल्या पश्चिम भिंतीजवळ, म्हणजे ज्यूंच्या पवित्र प्रार्थनास्थळी, स्त्री-पुरुषांना एकत्र प्रार्थनेसाठी नीट जागा देण्याचा करार २०१६ मध्ये झाला, २०१७ मध्ये हरेदी दबावाखाली गोठवला गेला. वसाहतींना अमेरिकेतून मिळणारा मोठा राजकीय आधार इव्हँजेलिकल ख्रिश्चनांचा आहे.

सैन्यभरतीचा वाद आत्ता एवढा का पेटला आहे?

सर्वोच्च न्यायालयाने १९९८, २०१२ आणि २०१७ मध्ये सवलतीची व्यवस्था बेकायदा ठरवली. प्रत्येक वेळी मुदत मिळाली, मुदतवाढ मिळाली. ७ ऑक्टोबर २०२३ च्या हमासच्या हल्ल्यानंतर राखीव सैनिकांना पुन्हा पुन्हा, शेकडो दिवस बोलावलं गेलं. त्यांच्या बायका एकट्या घर सांभाळत होत्या, व्यवसाय बुडत होते. २५ जून २०२४ ला नऊ न्यायाधीशांनी एकमताने सांगितलं की सूट द्यायला आता कुठलाही कायदेशीर आधार उरलेला नाही. तोवर भरतीयोग्य येशिवा विद्यार्थ्यांचा आकडा ४०० वरून सुमारे ६३,००० वर गेला होता.

जेरुसलेमच्या रस्त्यांवर काळ्या कोटातले तरुण 'मरू, पण भरती होणार नाही' असे फलक घेऊन बसले. जुलै २०२५ मध्ये सूट देणारा कायदा होत नाही म्हणून हरेदी पक्षांनी मंत्रिपदं सोडली. या वेळी त्यांच्याविरुद्ध सर्वांत कडवट बोलणाऱ्यांत विणलेल्या टोपीची कुटुंबंही आहेत, कारण गाझाच्या युद्धात पडलेल्या सैनिकांत त्यांच्या मुलांचं प्रमाण मोठं आहे. माझा मुलगा तोराही शिकला आणि रणगाड्यावरही गेला, तुमच्या मुलाला एकच का जमतं, असं त्या आया विचारत आहेत.